फाइलीत नसलेला माणूस

मागच्या व्याख्यानानंतर एका श्रोत्यांनी मला जिन्यात गाठून विचारलं, "सर, जन्मभर तत्त्वज्ञान शिकवलंत, आणि पुढचं व्याख्यान टेंडरवर?" प्रश्न रास्त आहे. टेंडर म्हटलं की आपल्याला टक्केवारी आठवते, रस्त्यावरचे खड्डे आठवतात, आणि वर्तमानपत्राच्या आतल्या पानावरची ती बारीक टायपातली जाहिरात आठवते, जी आपण कधीच वाचत नाही. मीही वाचत नसे. पण 'दिलेला शब्द' या विषयावर वर्गात वीस-पंचवीस वर्षं बोलल्यावर लक्षात आलं, की सरकार आपल्याला जे जे शब्द देतं त्यांत सगळ्यात काटेकोर, तारीख-वेळ-सहीशिक्क्यासकट दिलेला शब्द म्हणजे निविदा सूचना. तो शब्द मोडला तर दाद कुणाकडे मागायची, आणि मुळात दाद मागण्याचा हक्क कुणाला, याचा आपल्या देशातला इतिहास आज थोडा सांगायचा आहे. सगळा नाही. वकील मंडळी बसली असतील तर त्यांनी सांभाळून घ्यावं.

सुरुवात मुंबईच्या विमानतळापासून करू.

साल १९७७. विमानतळ म्हणजे तेव्हा सगळ्यांच्या तोंडी सांताक्रूझ. १९७१ च्या कायद्याने स्थापन झालेली इंटरनॅशनल एअरपोर्ट अथॉरिटी ऑफ इंडिया (आपण नुसतं 'प्राधिकरण' म्हणू) तिथला कारभार पाहत असे. जानेवारीच्या सुरुवातीला प्राधिकरणाने निविदा सूचना काढली: विमानतळावर एक दुसऱ्या श्रेणीचं उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार तीन वर्षांसाठी चालवायला द्यायचे आहेत. अर्ज कुणी करायचा? किमान पाच वर्षांचा अनुभव असलेल्या, नोंदणीकृत दुसऱ्या श्रेणीच्या हॉटेलवाल्यांनी. सीलबंद निविदा २५ जानेवारीला दुपारी बारापर्यंत द्यायच्या, उघडणार त्याच दिवशी साडेबाराला. आणि पुढे ते नेहमीचं कलम, जे आजही तुम्हाला कुठल्याही निविदेत सापडेल: कोणतीही किंवा सर्व निविदा कारण न देता नाकारण्याचा अधिकार राखून ठेवला आहे.

सहा निविदा आल्या. धड भरलेली त्यांत एकच. त्या पेढीने महिन्याला ६,६६६ रुपये ६६ पैसे परवाना शुल्क देऊ केलं होतं. बाकीच्यांचे आकडे कमी होते. (हे सहासष्ट पैसे कुठून आले म्हणून मी कागदावर हिशेब मांडला. वर्षाचे ऐंशी हजार भागिले बारा. बहुधा तसंच असावं.) अडचण एकच होती. या पेढीकडे दुसऱ्या श्रेणीचं हॉटेल नव्हतं. ती कँटीन चालवत असे. दहा वर्षांहून जास्त काळ चालवत होती, पण कँटीनच. प्राधिकरणाने पत्रव्यवहार केला, अनुभवाचे कागद मागवले, स्वतःचं समाधान करून घेतलं आणि एप्रिलमध्ये काम त्या पेढीला दिलं.

आता यात बिघडलं काय? शुल्क सगळ्यात जास्त मिळालं. लोकांना खाऊ घालण्याचा अनुभव असलेला माणूस मिळाला. प्रवाशाला वडा कँटीनवाल्याने तळला की हॉटेलवाल्याने, काय फरक पडतो?

या प्रश्नाला बरीच वर्षं 'काही बिघडलं नाही' असंच उत्तर मिळत होतं. ते का, हे समजण्यासाठी थोडं मागे जावं लागतं. निविदा ही पद्धत निविदा भरणाऱ्यासाठी निघालेली नाही. ती तिजोरीच्या रक्षणासाठी निघाली. मुंबईत आर्थर क्रॉफर्ड म्युनिसिपल कमिशनर असताना खर्च एवढा बेसुमार वाढला, की १८७१ मध्ये करदाते खवळून उठले आणि दुसऱ्या वर्षी शहराच्या कारभाराचा कायदाच बदलला. पुढे १८८८ च्या मुंबई महापालिका कायद्यात ठरावीक रकमेवरच्या कंत्राटांसाठी निविदा मागवण्याचं बंधन आलं. ते कलम ७२. यामागचा विचार करदात्याचा आहे, की साहेबाने आपल्या मर्जीतल्या माणसाला चढ्या दराने काम देऊ नये. ज्याला काम मिळालं नाही त्याच्यावर अन्याय झाला का, हा प्रश्न त्या विचारात येतच नाही.

स्वातंत्र्यानंतर घटना आली, समानतेचं कलम १४ आलं. तरी हा दृष्टिकोन लगेच बदलला नाही. केरळात कण्णूरच्या सरकारी दवाखान्याला दूध पुरवण्याचं कंत्राट होतं. एकाची निविदा मंजूर झाली, मग ती रद्द करून काम सहकारी दूध संघाला दिलं गेलं, कारण सरकारचं धोरण सहकाराला प्राधान्य देण्याचं. तो माणूस थेट सर्वोच्च न्यायालयात गेला. १९५९ चा अच्युतन खटला तो हाच. न्यायालयाने सांगितलं, की खाजगी माणूस जसा आपल्या पसंतीच्या माणसाशी करार करतो, तसा सरकारलाही करता येतो आणि त्यात भेदभाव होत नाही. म्हणजे कंत्राट देताना सरकार आपल्या घरमालकासारखं: भाडेकरू कोण ठेवायचा ही त्याची मर्जी.

पुढच्या वीस वर्षांत परिस्थिती पालटली. परवाने, कोटे, लीज, एजन्सी, पेट्रोलपंप, रेशन दुकान, खाणी... माणसाच्या उपजीविकेची निम्मी दारं सरकारच्या किल्लीने उघडू लागली. अमेरिकेत येल विद्यापीठाच्या चार्ल्स राइख यांनी १९६४ मध्ये एक लेख लिहिला होता, की सरकार जे वाटतं तीच आता नव्या काळातली मालमत्ता आहे आणि तिला कायद्याचं संरक्षण हवं. आपल्याकडे तर ते जास्तच खरं होतं. घरमालकाची उपमा तेव्हा टिकते जेव्हा गावात दुसरी घरं असतात. गावातली सगळीच घरं एकाच मालकाची असली, तर मालकाच्या मर्जीला मर्जी म्हणून सोडून देता येत नाही. १९७४ मध्ये इरुशियन इक्विपमेंट खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की एखाद्याला काळ्या यादीत टाकण्याआधी त्याचं ऐकून घ्यायला हवं. दार किलकिलं झालं होतं.

आणि मग आपला विमानतळ. कायद्याच्या विद्यार्थ्यांना हा खटला 'रमणा दयाराम शेट्टी' या नावाने पाठ असतो. मुंबई उच्च न्यायालयात याचिका फेटाळली गेली, अपील सर्वोच्च न्यायालयात गेलं, आणि ४ मे १९७९ रोजी निकाल लागला. न्यायमूर्ती भगवती, तुळजापूरकर आणि पाठक. निकाल भगवतींनी लिहिला, आणि भगवतींनी लिहिला म्हणजे तो थोडक्यात नसणारच.

प्राधिकरणाचं म्हणणं साधं होतं. ती पात्रतेची अट फक्त मार्गदर्शनासाठी होती. कुणाची निविदा घ्यायची हा आमचा अधिकार आम्ही राखून ठेवलाच होता. शिवाय 'दुसऱ्या श्रेणीचा हॉटेलवाला' असा काही प्रकारच नसतो, महापालिका श्रेणी हॉटेलला देते, हॉटेलवाल्याला नाही. हा शेवटचा युक्तिवाद वाचताना मला आमच्या तर्कशास्त्राच्या तोंडी परीक्षा आठवल्या. न्यायालयाने तो फार वेळ मनावर घेतला नाही. दुसऱ्या श्रेणीचं हॉटेल चालवतो तो दुसऱ्या श्रेणीचा हॉटेलवाला, असा सरळ अर्थ लावला.

मग मुख्य मुद्दा. ज्या प्रमाणाने आपल्या कृतीचं मोजमाप व्हावं असं प्रशासनाने स्वतः जाहीर केलं, त्या प्रमाणाला त्याने बांधील राहिलंच पाहिजे, नाहीतर कृती अवैध. हे तत्त्व भगवतींनी अमेरिकी न्यायमूर्ती फ्रँकफर्टर यांच्याकडून घेतलं. तिथे १९५९ मध्ये एका सरकारी कर्मचाऱ्याला खात्याने आपलीच कार्यपद्धती डावलून काढून टाकलं होतं. त्यावर लिहिताना फ्रँकफर्टरनी बायबलातल्या तलवारीच्या वचनाची आठवण करून दिली होती. कांटचा विद्यार्थी म्हणून मी इथे थबकतो. नियम बाहेरून लादला म्हणून तो बांधत नाही. नियम तू स्वतः स्वतःला घालून घेतलास, म्हणून तो तुला बांधतो. प्राधिकरणाला पाच वर्षांची अट घालायला कुणी सांगितलं नव्हतं. ती न घालण्याची पूर्ण मोकळीक होती. घातल्यावर मात्र ती 'मार्गदर्शनासाठी' राहत नाही.

पण माझ्या दृष्टीने निकालाचा गाभा याच्याही पुढे आहे. शेट्टींनी निविदा भरलीच नव्हती. मग तुमचं काय बिघडलं, असं कोणीही विचारेल. त्यावर त्यांचं म्हणणं होतं, की अट आहे तशी पाळली जाणार या समजुतीने मी भरली नाही. ती अट पाळायची नाही हे आधी माहीत असतं, तर मीही भरली असती. न्यायालयाने हे मान्य केलं. सगळ्यांना एक दार दाखवायचं आणि एकाला दुसऱ्या दाराने आत घ्यायचं, तर बाहेर राहिलेल्या सगळ्यांशी ती असमान वागणूक आहे.

बघा, हा माणूस कोण आहे? तो फाइलीत नाही. तुलनात्मक तक्त्यात त्याच्या नावाचा रकाना नाही. निविदा उघडल्या त्या दुपारी तो त्या खोलीत नव्हता. सहा निविदा आल्या हे कागदावर दिसतं, पण जाहिरात वाचून, अट वाचून, 'आपल्याला नाही जमणार' म्हणत पेपर घडी करून ठेवणारे किती होते ते कुठे दिसत नाही. आणि ते आले नाहीत याचं एकमेव कारण हे, की त्यांनी सरकारच्या शब्दावर विश्वास ठेवला. अट शिथिल केली की नुकसान नेमकं विश्वास ठेवणाऱ्याचं होतं. ज्याने 'बघू, भरून तर टाकू, आत गेल्यावर जमवता येईल' असा हिशेब केला, त्याला बक्षीस मिळतं.

आता उलटा भाग, जो परीक्षेच्या नोट्समध्ये दोन ओळींत संपतो. एवढं सगळं मान्य करून न्यायालयाने शेट्टींना काहीच दिलं नाही. कंत्राट रद्द झालं नाही. याचिका पाच महिन्यांहून अधिक उशिराने आली होती. तोवर त्या पेढीने मांडामांडीवर सव्वा लाख रुपये खर्च केले होते. आणि न्यायालयाच्या नजरेत हेही आलं, की शेट्टींचा स्वतःचा खरा रस यात नव्हता. तिथे आधी उपाहारगृह चालवणाऱ्या माणसाने वेगळा दिवाणी दावा लावला होता, त्यात त्याला मनाई हुकूम मिळाला नव्हता, आणि ही याचिका त्याच्याच सांगण्यावरून झालेली होती. म्हणजे फाइलीत नसलेल्या माणसाचं तत्त्व प्रस्थापित झालं खरं, पण तो खरा माणूस न्यायालयात आलाच नव्हता. त्याच्या नावाने दुसराच कोणी आला होता. यात मला नवल वाटत नाही. पेपर घडी करून ठेवणारा माणूस सर्वोच्च न्यायालयापर्यंत कशाला जाईल?

या माणसाला मी एकदा प्रत्यक्ष भेटलो आहे. ते सांगून टाकतो, कारण त्याशिवाय मी हा निकाल कधी वाचलाच नसता.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. मी एका महाविद्यालयाच्या खरेदी समितीवर होतो. तत्त्वज्ञानाच्या प्राध्यापकाला समितीवर घेतात कारण त्याला दुसरं काम नसतं असा समज असतो. ग्रंथालयासाठी अनुदान आलं होतं, लोखंडी रॅक घ्यायचे होते. अटी आम्हीच ठरवल्या: पुरवठादाराचा स्वतःचा कारखाना हवा आणि किमान तीन वर्षांचा अनुभव हवा. तीन निविदा आल्या. सगळ्यात कमी दर होता त्याच्याकडे कारखाना नव्हता, तो दुकानदार, दुसरीकडून बनवून आणून देणारा. तारीख मार्चची. ज्यांनी सरकारी अनुदान हाताळलं आहे त्यांना मार्चअखेर म्हणजे काय ते सांगायला नको. ३१ तारखेपर्यंत खर्च नाही तर पैसे परत. समितीत ठरलं, रॅकशी मतलब, कारखान्याशी काय करायचंय. तुलनात्मक तक्त्यावर मी सही केली. मनात काहीही आलं नाही, हे प्रामाणिकपणे सांगतो.

एप्रिलमध्ये एक तरुण आला. एमआयडीसीत त्याचा छोटा वर्कशॉप होता, दोन वर्षांपूर्वी सुरू केलेला. त्याने जाहिरात वाचली होती, तीन वर्षांची अट पाहून भरली नव्हती. आता त्याला बाजारात कळलं होतं की काम विनाकारखानावाल्याला मिळालं. आवाज चढवला नाही. म्हणाला, "सर, अट सोडायचीच होती तर आम्हाला पण सांगायचं ना. आम्ही पण सोडून भरली असती." मग विचारलं, "अर्ज कुणाकडे करू?" मी म्हटलं, प्राचार्यांकडे. समितीचे अध्यक्ष प्राचार्यच होते. त्यालाही ते माहीत असावं. चहा घेतला आणि गेला. रॅक उत्तम निघाले, अजून आहेत.

पुढे कधीतरी एका वकील मित्राला हे सांगितलं, तेव्हा तो म्हणाला, अरे, हा तर शेट्टी! आणि त्याने मला तो निकाल वाचायला दिला.

१९७९ नंतर काय झालं, ते आता जरा भरभर सांगतो. दुसऱ्याच वर्षी भगवतींनीच काश्मीरमधल्या एका प्रकरणात, कस्तुरीलाल खटल्यात, निविदा न मागवता दिलेलं राळ काढण्याचं कंत्राट वैध ठरवलं. जंगल दुर्गम होतं आणि कंत्राटदार राज्यात कारखाना काढणार होता, कारणं पटण्यासारखी होती. म्हणजे निविदा प्रत्येक वेळी हवीच असं नाही, पण मनमानी नको. १९९३ मध्ये स्टर्लिंग कॉम्प्युटर्सचा निकाल आला. मुंबईकर ज्येष्ठांना आठवत असेल, एके काळी टेलिफोन डिरेक्टरी वेळेवर येतच नसे. मुंबई आणि दिल्लीच्या डिरेक्टऱ्या छापण्याचं कंत्राट महानगर टेलिफोन निगमने दिलं होतं. काम रखडलं, आणि मग रखडलेल्या कामाला पूरक करार जोडून, नव्याने निविदा न काढता, मुदत वाढवून दिली. ते सर्वोच्च न्यायालयाने टिकू दिलं नाही. जुन्या कंत्राटाच्या पोटात नवं कंत्राट घालणं, ही युक्ती आजही जिवंत आहे म्हणून हा निकाल सांगितला.

पण वळण आलं ते १९९४ मध्ये. टाटा सेल्युलर. चार महानगरांत मोबाइल फोनचे परवाने द्यायचे होते. देशात कोणी मोबाइल वापरलेला नाही आणि न्यायाधीशांपुढे तांत्रिक गुणांकनाचे तक्ते. न्यायमूर्ती एस. मोहन यांनी लिहिलेल्या निकालाने जी चौकट घालून दिली तीच आजवर चालते: न्यायालय हे अपिलाचं ठिकाण नाही, ते निर्णय तपासणार नाही, निर्णय कसा घेतला ते तपासेल. न्यायालयाकडे तज्ज्ञता नाही. सरकारला करारात थोडा मोकळेपणा हवा. हे सगळं मला पटतं. उपाहारगृहात कँटीन आणि हॉटेल यांतला फरक न्यायाधीश सांगू शकतो, दोन टेलिफोन यंत्रणांतला कसा सांगणार?

मग १९९८ मध्ये आपल्याकडचंच प्रकरण. महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाचं, नागपूरजवळच्या खापरखेडा औष्णिक वीज केंद्राचं, मोठ्या व्यासाच्या पाइपांचं काम. इथे भांडणाऱ्या दोन्ही कंपन्या मूळ अटीत पुऱ्या बसत नव्हत्या, मंडळाने अट शिथिल केली होती. मुंबई उच्च न्यायालयाने अंतरिम आदेशाने काम रोखलं. सर्वोच्च न्यायालयात निकाल लिहिला न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी, ज्या मुंबई उच्च न्यायालयाच्या पहिल्या महिला न्यायाधीश. त्यांनी विचारलं: स्थगितीमुळे वीज प्रकल्प लांबला, खर्च वाढला, त्याची किंमत कोण मोजणार? स्थगिती मागणाऱ्याने उद्या हरल्यास ती भरून देण्याची तयारी हवी. प्रश्न चोख आहे. पण ध्यानात घ्या, चर्चेचा रोख कुठे सरकला. शेट्टी खटल्यात विचार होता बाहेर राहिलेल्याचा. आता विचार आहे विजेच्या ग्राहकाचा, म्हणजे पुन्हा १८७१ च्या त्या करदात्याचा.

२००६ च्या डिसेंबरात जगदीश मंडल खटल्यात न्यायमूर्ती रवींद्रन यांनी दोन कसोट्या दिल्या. निर्णय दुष्ट हेतूचा किंवा कोणत्याही समंजस अधिकाऱ्याने घेतला नसता इतका मनमानी आहे का? आणि त्याने सार्वजनिक हिताला बाधा येते का? दोन्ही उत्तरं 'नाही' असली तर हस्तक्षेप नको. हरलेले निविदाकार दुखावलेल्या अहंकाराने, धंद्यातल्या चढाओढीने राईचा पर्वत करतात, असंही तिथे म्हटलं आहे. ते खोटं नाही. उच्च न्यायालयांत अशा याचिकांची रीघ लागलेली असते आणि त्यांतल्या कित्येक प्रतिस्पर्ध्याला महिनाभर अडवून ठेवण्यापुरत्याच असतात. २०१८ मध्ये विशिष्ट अनुतोष कायद्यात दुरुस्ती होऊन पायाभूत प्रकल्प अडवणाऱ्या मनाई हुकुमांना चाप बसला. त्याचा आधार घेत २०२२ मध्ये झारखंडातल्या एका रस्त्याच्या प्रकरणात, एन. जी. प्रोजेक्ट्स खटल्यात, सर्वोच्च न्यायालय म्हणालं, की काम थांबवू नका, अन्याय झाला असेल तर नुकसानभरपाईचा मार्ग दाखवा.

नुकसानभरपाई. इथे मला तो वर्कशॉपवाला आठवतो. ज्याने दरच भरला नाही, त्याचं नुकसान किती? त्याने शाबीत काय करायचं? दुसऱ्या क्रमांकाचा निविदाकार निदान म्हणू शकतो, की काम मला मिळालं असतं आणि इतका नफा झाला असता. पहिल्याच पायरीवर परत गेलेल्या माणसाकडे दाखवायला आकडाच नाही. १९७९ मध्ये त्याला हक्क मिळाला. त्या निकालातही उपाय मिळाला नाही, आणि पुढच्या चार दशकांत उपाय त्याच्यापासून आणखी लांब गेला. आणि हे कोणी दुष्टपणाने केलं नाही. प्रत्येक पायरीवरचं कारण शहाणपणाचं आहे. म्हणूनच ते जास्त टोचतं.

न्यायालयाने हात आखडता घ्यावा हे मी मान्य करतो. पण मग गाऱ्हाणं ऐकणारं दुसरं कोणी हवं. आहे का?

आपलं राज्य यात पुढे होतं. मोरारजी देसाईंच्या अध्यक्षतेखालच्या प्रशासकीय सुधारणा आयोगाने १९६६ मध्ये नागरिकांच्या गाऱ्हाण्यांसाठी लोकपाल-लोकआयुक्तांची शिफारस केली. महाराष्ट्राने १९७१ मध्ये कायदा केला आणि १९७२ मध्ये लोकआयुक्त नेमला, प्रत्यक्ष नेमणारं देशातलं पहिलं राज्य. त्या कायद्यात 'गाऱ्हाणं' या शब्दाची चांगली व्याख्या आहे: गैरकारभारामुळे झालेला अन्याय किंवा विनाकारण सोसावा लागलेला त्रास. वाचून बरं वाटतं. मग मागची परिशिष्टं वाचावीत. ग्राहक किंवा पुरवठादार यांच्याशी असलेल्या निव्वळ व्यापारी कराराच्या अटींतून उद्भवणाऱ्या बाबी वगळल्या आहेत, छळवणूक किंवा अतोनात दिरंगाई असेल तेवढी सोडून. हा विचार इंग्लंडमधून आला, तिथल्या १९६७ च्या कायद्यातही व्यापारी व्यवहार बाहेर ठेवलेले होते. म्हणजे पुन्हा तोच घरमालक! भ्रष्टाचाराचा आरोप करा, लोकआयुक्त ऐकतील. पण आमच्या खरेदी समितीत भ्रष्टाचार कुठे होता? पैचाही नाही. होता तो गैरकारभार, आणि तो 'व्यापारी' म्हणून दाराबाहेर.

केंद्राच्या सामान्य वित्तीय नियमांत, २०१७ च्या आवृत्तीत नियम १७३, निविदाकाराला अटींबद्दल, प्रक्रियेबद्दल, नकाराबद्दल प्रश्न विचारण्याची सोय असावी असं लिहिलं आहे. चांगलंच आहे. पण उत्तर तेच कार्यालय देणार. २०१२ मध्ये लोकसभेत सार्वजनिक खरेदी विधेयक मांडलं गेलं, त्यात स्वतंत्र तक्रार निवारण समित्या होत्या. २०१४ मध्ये लोकसभेची मुदत संपली आणि विधेयकही संपलं. महाराष्ट्रात खरेदी शासन निर्णयांवर आणि १ डिसेंबर २०१६ च्या नियमपुस्तिकेवर चालते. काही राज्यांनी मात्र स्वतंत्र कायदे केले. तामिळनाडूने १९९८ मध्ये केला. तिथे दहा दिवसांत अपील करता येतं, पण ते सरकारकडे, आणि ज्याने निविदा भरली आहे त्यालाच.

राजस्थानचा २०१२ चा कायदा वाचताना मी खुर्चीत सरसावून बसलो, कारण तिथे अपिलाचा हक्क 'निविदाकार किंवा संभाव्य निविदाकार' असा दिला आहे. संभाव्य! म्हणजे आपला माणूस पहिल्यांदा कायद्याच्या अक्षरात आला. पुढच्या परंतुकापर्यंत मात्र आनंद टिकला. यशस्वी निविदाकार जाहीर झाल्यावर अपील फक्त प्रक्रियेत भाग घेतलेल्यालाच करता येईल. आता विचार करा. अट पाळली गेली नाही हे बाहेर राहिलेल्याला कळतं कधी? काम कुणाला मिळालं हे जाहीर झाल्यावर. ज्या दिवशी त्याला तक्रार सुचते, त्याच दिवशी त्याचा हक्क संपतो.

बाहेरच्या देशांत हे सगळं सुटलं आहे असं मी म्हणणार नाही. पण दोन गोष्टी शिकण्यासारख्या आहेत. युरोपीय संघात मोठ्या कंत्राटांत निर्णय कळवल्यापासून करारावर सही होईपर्यंत किमान दहा दिवस थांबावंच लागतं, म्हणजे तक्रार येते तेव्हा सव्वा लाख खर्च झालेले नसतात. आणि अमेरिकेत सरकारी खात्यांचा हिशेब तपासणारी जी संस्था, तीच निविदांच्या तक्रारी ऐकते आणि शंभर दिवसांत मत देते. खात्याच्या बाहेरचा माणूस, ठरलेली मुदत, आणि मधल्या काळात काम सुरू न होणं. न्यायाधीशाला मोबाइलचं तंत्रज्ञान कळण्याची गरजच नाही. अटीत पाच वर्षं लिहिलं होतं आणि याला किती वर्षं झाली, एवढं मोजायला आपला एखादा निवृत्त लेखापरीक्षकही पुरेल.

ई-निविदा आल्यापासून लाखेची सीलं गेली, पेटी फोडणं गेलं, ही मोठीच सुधारणा. जाहिरातीनंतर अट बदलायची तर शुद्धिपत्रक काढून ते संकेतस्थळावर टाकता येतं, मुदत वाढवता येते, एका दिवसात. आम्हालाही तेव्हा ते करता आलं असतं, पेपरात दोन ओळी देऊन. 'कारखान्याची अट रद्द, अनुभवाची अटही शिथिल, मुदत आठ दिवस वाढवली.' मार्चअखेर आड आली असं मी आत्ता म्हणालो. घरी जाऊन जुनी डायरी काढली, तेव्हा दिसलं की समितीची बैठक ९ मार्चला होती. आठ दिवस होते.

असो. वेळ झालेली दिसते, आयोजक घड्याळाकडे बघतायत. प्रश्न असतील ते घेऊ. पहिला, त्या मागच्या रांगेतल्या बाईंचा.